म्हातारीचा भोपळा आणि घरचा माल
गोष्टीतील पात्रांच्या साहाय्याने आपला माल शहरी घरांपर्यंत कसा न्यावा?



माल पिकविणे ही एक विद्या आहे आणि तो विकणे ही दुसरी. पहिली आपल्याला वाडवडिलांकडून मिळाली. दुसरी मात्र आपण फारशी शिकलो नाही, कारण विकण्याचे काम आपण अडत्यावर सोपवून मोकळे होत असू. बोलणाऱ्याची माती विकली जाते आणि न बोलणाऱ्याचे सोने पडून राहते, असे आपल्याकडे म्हणतात. हे बोलणे कसे करावे, ते घरगुती आणि गमतीचे कसे असावे आणि त्यात पदरचे पैसे कसे बुडू नयेत, याविषयी आज चार गोष्टी सांगावयाच्या आहेत.

हा विषय पिंपरी-चिंचवड आणि चाकण पट्ट्यातील घरांना विशेष लागू आहे. पिंपरीला १९५४ साली हिंदुस्थान अँटिबायोटिक्सचा कारखाना स्थापन झाला. पुढे १९६२ साली महाराष्ट्र औद्योगिक विकास महामंडळ आले, त्यामागून मोटारींचे व सुट्या भागांचे कारखाने आले. १९८२ साली पिंपरी-चिंचवडची महानगरपालिका झाली. कारखानदारी तेथेच थांबली नाही. बजाजचा चाकणचा कारखाना १९९९ साली आणि फोक्सवॅगनचा २००९ साली सुरू झाला. जे चाकण कांदा-बटाट्याच्या बाजारासाठी ओळखले जाई, त्याच्या चारी अंगांना आता कारखान्यांच्या पत्र्याच्या भिंती दिसतात. कित्येक घरांची जमीन गेली. कित्येकांची एक-दोन एकर राहिली. मुलगा पाळीवर कामाला जातो आणि घरची बाई व म्हातारी माणसे उरलेले रान सांभाळतात.

पण याच बदलाने एक गोष्ट आपल्या दाराशी आणून ठेवली आहे, ती म्हणजे गिऱ्हाईक. मोशी, चिखली, भोसरी, तळेगाव, चाकण येथे मोठमोठ्या गृहनिर्माण सोसायट्या उभ्या आहेत. त्यांत राहणारी पुष्कळ माणसे विदर्भ, मराठवाडा, खानदेश, सातारा-सांगलीकडून पोटासाठी आलेली आहेत. त्यांना गावचा तांदूळ, घरची हळद, हातसडीच्या डाळी हव्या आहेत. शेत आणि ते घर यांत अंतर पाच-दहा किलोमीटरांचे आहे. उणीव आहे ती ओळखीची.

जत्रा मोठी, ओळख लहान

महानगरपालिका महिला बचत गटांसाठी पवनाथडी जत्रा भरविते. पुण्यात भीमथडी जत्रा भरते. मोशीला किसान प्रदर्शन होते. या ठिकाणी जरूर जावे. परंतु मोठ्या जत्रेत एक अडचण आहे. तेथे लोणची-पापडांची दुकाने ओळीने मांडलेली असतात, गिऱ्हाईक पुढे सरकत राहते आणि घरी गेल्यावर आपण कोणाकडून काय घेतले हे त्याला आठवत नाही. एकदा माल विकला जातो, पण ओळख राहत नाही. शेतकऱ्याला तर दर महिन्याला परत येणारे गिऱ्हाईक हवे.

म्हणून वर्षातून दोन-तीन वेळा एखाद्या सोसायटीच्या सभागृहात किंवा अंगणात, साठ-सत्तर माणसांपुरता लहानसा मेळावा आपणच भरवावा असे मी सुचवितो. त्याला एखादी गोष्ट असावी आणि त्या गोष्टीतील पात्रे असावीत. पात्र लक्षात राहिले की माल लक्षात राहतो, आणि मुले तर पात्राचा हात धरूनच येतात.

ही युक्ती जुनीच आहे

यात नवे काही नाही. आपल्याकडे यशवंत केशव पाध्ये यांनी अर्धवटराव हा बोलका बाहुला घडविला. पुढे त्यांचे चिरंजीव रामदास पाध्ये यांनी तो घरोघर पोहोचविला. याच रामदास पाध्यांनी लिज्जत पापडाच्या जाहिरातीतील ससा तयार केला. लिज्जतचा उद्योग म्हणजे १९५९ साली मुंबईत गिरगावात सात बायकांनी ८० रुपये उसने घेऊन सुरू केलेले काम. पापड चांगला होता म्हणून तो टिकला, हे खरेच. पण ज्या मुलांनी तो ससा पाहिला, ती आज आजी-आजोबा होण्याच्या वयाला आली तरी त्याला विसरलेली नाहीत.

आकाशवाणीच्या मुंबई केंद्रावरील ‘पुन्हा प्रपंच’ या श्रुतिकेतले टेकाडे भावजी आणि मीना वहिनी जुन्या श्रोत्यांना घरच्या माणसांसारखे वाटत. विलायतेत बी.बी.सी.ने ‘द आर्चर्स’ नावाची एका काल्पनिक खेड्यातील शेतकरी कुटुंबाची मालिका १ जानेवारी १९५१ पासून देशभर सुरू केली. महायुद्धानंतर तेथे धान्याची टंचाई होती. शेतकऱ्याला सुधारित शेतीची माहिती कंटाळा न येता मिळावी, हा तिचा मूळ हेतू होता. ती मालिका आजही चालू आहे.

लहान बैठकीचा गुणही आपल्या पुण्याजवळच पारखला गेला आहे. १९५६ साली आकाशवाणीच्या पुणे केंद्राने युनेस्कोच्या मदतीने सुमारे दीडशे गावांत शेतकऱ्यांची श्रोतृमंडळे चालविली. वीसेक माणसे एकत्र बसून कार्यक्रम ऐकत आणि मग त्यावर चर्चा करीत. नुसते ऐकून घेणे आणि चारचौघांत बसून बोलणे यांत फरक पडतो, हे त्यात दिसून आले. विस्तार खात्यातील आम्ही मंडळीही प्रात्यक्षिकाला भाषणापेक्षा जास्त मान देतो, तो याचसाठी.

पात्र कोणाचे घ्यावे?

येथे पुष्कळांची चूक होते. बाजारात चित्रपटातील किंवा दूरदर्शन मालिकांतील पात्रांचे पोशाख भाड्याने मिळतात. मुलांना आवडतात म्हणून छोटा भीम किंवा मोटू-पतलू आणून उभे केले जातात. ही पात्रे कंपन्यांच्या मालकीची आहेत. त्यांच्या नावाने माल विकणे म्हणजे दुसऱ्याच्या बांधावरचे झाड तोडण्यासारखे आहे. परवानगीवाचून ते करू नये.

कायदा थोडा समजून घ्यावा. आपल्या देशात लेखकाच्या पुस्तकावरील हक्क त्याच्या हयातीत आणि मृत्यूनंतरची ६० वर्षे राहतो. ही वर्षे मृत्यूच्या पुढील वर्षाच्या आरंभापासून मोजतात. चिं. वि. जोशी १९६३ साली वारले. म्हणून त्यांच्या पुस्तकांतील चिमणराव आणि गुंड्याभाऊ २०२४ सालापासून सर्वांना मोकळे झाले. मात्र त्यांच्यावर पुढे झालेली दूरदर्शन मालिका ही वेगळी कृती आहे. तिच्यातील संवाद किंवा नटांची छायाचित्रे घेऊ नयेत. फुरसुंगीचा फास्टर फेणे आपल्या पुणे जिल्ह्यातलाच खरा, पण त्याचे लेखक भा. रा. भागवत २००१ साली निवर्तले. त्यामुळे तो हक्क २०६१ अखेरपर्यंत राहील. तोवर त्यांच्या वारसांची लेखी परवानगी हवी.

साने गुरुजी १९५० साली गेले. ‘श्यामची आई’वरील हक्काची मुदत कधीच संपली आहे. पण कायद्याने मोकळे आहे म्हणून सगळेच करावे असे नाही. त्या माउलीच्या तोंडी लोणच्याची जाहिरात घातलेली कोणाला रुचेल? पात्राच्या स्वभावाला शोभेल तेच काम त्याला द्यावे.

सर्वांत सोपा आणि सुरक्षित मार्ग म्हणजे लोककथा. चिऊ-काऊची घरे, कोल्हा आणि करकोचा, भोपळ्यात बसून परत येणारी म्हातारी, यांवर कोणाचाही हक्क नाही. त्यातही माझी पसंती म्हातारीला आहे. ही गोष्ट आपल्या कामासाठीच रचली की काय, इतकी ती जुळते. म्हातारी रानातून लेकीच्या घरी निघते. वाटेत कोल्हा-वाघ भेटतात. लेकीकडे चांगलेचुंगले खाऊन ती धष्टपुष्ट होते आणि भोपळ्यात बसून सुखरूप घरी येते. गावातून शहरातल्या लेकीकडे निघालेली आई, तिची शिदोरी, लेकीचे स्वयंपाकघर आणि भोपळा! आपल्याला आणखी काय हवे?

मांडणी कशी करावी?

मेळाव्याचे चार टप्पे पाडावेत.

पहिला टप्पा रानाचा. सभागृहाच्या दारात उसाची चार वाढी, ज्वारीची ताटे आणि दोन बांबू लावून वाट करावी. तेथे वाघ आणि कोल्ह्याचे पुठ्ठ्याचे मुखवटे घातलेली आपली शाळकरी मुले उभी करावीत. त्यांनी येणाऱ्या मुलांना एक प्रश्न विचारावा, ‘भुईमुगाची शेंग झाडावर लागते की जमिनीत?’ किंवा ‘तांदळाच्या आधी काय असते?’ उत्तर आले की वाट मोकळी. मुखवटे भयंकर करू नयेत. लहान मूल रडू लागले तर आई दारातूनच परत जाते.

दुसरा टप्पा लेकीच्या स्वयंपाकघराचा. चटया अंथराव्या, पितळी-तांब्याची चार भांडी मांडावी, दिवे मंद पिवळे असावेत. येथे चव द्यावयाची. इंद्रायणी तांदळाचा मऊ भात व तूप, भाकरीचा तुकडा, पिठले, ठेचा, एवढे पुरे. पदार्थ पाच-सहाच ठेवावेत. इंद्रायणी हा वाण वडगाव मावळच्या संशोधन केंद्रातून १९८७ साली प्रसारित झाला, आंबेमोहर आणि आय.आर. ८ यांच्या संकरातून तो तयार केला, हे भात वाढणाऱ्या बाईने सांगावे. ज्या तांदळाची कुळी माहीत आहे, तो गिऱ्हाईक विसरत नाही.

तिसरा टप्पा भोपळ्याचा. मधोमध मोठा लाल भोपळा ठेवावा आणि त्याच्या वजनाचा अंदाज चिठ्ठीवर लिहावयास सांगावे. चिठ्ठीवर नाव, इमारत व फोन नंबर लिहून घ्यावा. मात्र ‘आमच्या मालाची माहिती कळविली तर चालेल का?’ असे विचारून होकार आला तरच तो नंबर पुढे वापरावा. शेवटी सर्वांसमोर वजन करावे आणि ज्याचा अंदाज सर्वांत जवळचा, त्याला भोपळा द्यावा. बक्षीसही घरचेच झाले.

याच टप्प्यावर गोष्ट सांगावी. त्यासाठी गावातील खरी आजी असेल तर उत्तम. दहा-पंधरा मिनिटांत गोष्ट संपावी. आजींना उंच बैठक, पाठीला टेकू आणि पाणी द्यावे. त्यांना तीन तास उभे करून छायाचित्रे काढीत बसू नये. आणखी एक गोष्ट मनापासून सांगतो. गावच्या माणसाचे सोंग करू नये. नऊवारी नेसविलेली, मोठे कुंकू लावलेली आणि मुद्दाम अडाण्यासारखी बोलणारी बाई पाहून चार लोक हसतीलही, पण हसणारा माणूस योग्य भाव देत नाही. आपली आजी पात्र होईल ती गोष्टीतील शहाण्या म्हातारीचे. वाघाला बोलण्यात गुंडाळून जी घरी परतली, तिला अडाणी कोण म्हणेल?

चौथा टप्पा शिदोरीचा. येथे विक्री. सुटा माल तर ठेवावाच, पण ‘म्हातारीची शिदोरी’ म्हणून एक तयार गाठोडेही बांधून ठेवावे. त्यात दोन किलो तांदूळ, अर्धा किलो हुलगे किंवा मटकी, पाव किलो हळद आणि एक पापडाचे पुडके. कापडी पिशवीत घालून वर किंमत स्पष्ट लिहावी. ज्याला काय घ्यावे ते सुचत नाही, तो गाठोडे उचलतो.

दिवस आणि वेळ

नवा तांदूळ घरात आलेला असतो आणि पुढे हुरड्याचे दिवस येतात, तो दिवाळीनंतरचा ते संक्रांतीपर्यंतचा काळ उत्तम. महिन्याचा पहिला पंधरवडा धरावा, कारण तेव्हा पगार झालेले असतात. पिंपरी-भोसरीकडील अनेक कारखान्यांना गुरुवारी सुटी असते आणि संगणक कंपन्यांना शनिवार-रविवार. म्हणून सोसायटीत कोणती माणसे राहतात हे आधी विचारून वार ठरवावा. सायंकाळी पाच ते आठ ही वेळ बरी. ध्वनिक्षेपक शक्यतो नकोच. लावलाच तर आवाज बेताचा ठेवावा. रात्री दहानंतर तर कायद्यानेच मनाई आहे.

सोसायटीच्या अध्यक्ष-चिटणिसांना पंधरा दिवस आधी लेखी अर्ज द्यावा. किती माणसे येणार, गॅस लागणार का, कचरा कोण उचलणार, हे त्यात लिहावे. कार्यक्रम संपल्यावर जागा झाडून दिली तर पुढच्या खेपेस अर्जाची गरज पडत नाही.

हिशेब

चार आण्याची कोंबडी आणि बारा आण्याचा मसाला, असे होता कामा नये. मी एक ठोकताळा सांगतो. वरखर्च अपेक्षित विक्रीच्या दहाव्या हिश्शापेक्षा जास्त नसावा.

समजा, आठ घरांनी मिळून ३०,००० रुपयांचा माल नेला. पहिल्याच खेपेस सगळा विकला जाईल असे धरू नये. २१,००० रुपयांचा विकला जाईल असे धरावे. म्हणजे वरखर्च २,१०० रुपये. त्यात टेम्पो ९००, कागद-कापड-मुखवटे ४००, सभागृहाची वीज व सफाई ३००, चहा ३०० आणि चिठ्ठ्या-छपाई २०० रुपये. हे आकडे नमुन्यादाखल आहेत. आपापल्या गावचे दर घालून हिशेब करावा. चवीसाठी वापरलेला तांदूळ, तूप, पीठ यांचीही किंमत मांडावी. घरचे आहे म्हणून ते फुकट नसते. आणि बायकांची मजुरी लिहायला विसरू नये. ती लिहिली नाही तर नफा झाला असे वाटते आणि प्रत्यक्षात घरच्या बाईची चार दिवसांची मेहनत त्यात विरघळून गेलेली असते.

उरलेला ९,००० रुपयांचा माल घरी परत येणार, हे गृहीत धरूनच माल निवडावा. तांदूळ, कडधान्ये, हळद, पापड परत आले तरी बिघडत नाहीत. भाजीपाला, दूध-दही, ओला हुरडा मात्र आधी मागणी घेऊनच न्यावा. कांदा-बटाटा थोडाच न्यावा आणि पोत्याची मागणी नोंदवून नंतर घरपोच द्यावा.

खरेपणा सांभाळावा

पात्र काल्पनिक असले तरी माल खरा असला पाहिजे. बाजारातून पुडे आणून ‘आजीच्या हातचे’ अशी चिठ्ठी लावणे ही फसवणूक आहे. ती एका कुटुंबाने केली तरी आठही घरांचे नाव जाते. प्रमाणपत्र नसताना ‘सेंद्रिय’ अशी पाटी लावू नये. त्याऐवजी कोणते खत घातले, काय फवारले व केव्हा, हे सरळ सांगावे. शहरातील सुशिक्षित गिऱ्हाईक प्रामाणिक उत्तराला मान देते, असा माझा अनुभव आहे.

खाद्यपदार्थ तयार करून विकणाऱ्या घराने अन्नसुरक्षा कायद्याखालील नोंदणी करून घ्यावी. लहान उद्योगासाठी ती सोपी आहे. वजनकाटा वैधमापन खात्याचा शिक्का असलेला वापरावा. पुड्यावर काय आहे, किती आहे, केव्हा बनविले, कोणी बनविले आणि किंमत किती हे लिहावे. शेंगदाणा असलेल्या पदार्थावर तसे ठळक लिहावे, कारण काही मुलांना तो सोसत नाही. हात धुण्याची सोय, झाकलेली भांडी, डोक्याला रुमाल आणि शेगडीजवळ वाळूची बादली, एवढे विसरू नये. नोंदणी, वेष्टन, कर्ज यांबाबत तालुका कृषी अधिकारी कार्यालय, ‘उमेद’ अभियान आणि महिला आर्थिक विकास महामंडळ येथे विचारणा करावी.

कामाची वाटणी

आठ घरे असली की आठ मते असतात. म्हणून आधीच कामे वाटून लिहून ठेवावीत. पैसे घेणारी व्यक्ती एकच असावी. हल्ली बहुतेक गिऱ्हाईके फोनवरून पैसे देतात, तेव्हा गटाच्या खात्याची क्यूआर पाटी लावावी. एखाद्याच्या खासगी खात्याची लावली की पुढे कुरबुर सुरू होते. दुसरी व्यक्ती वहीत प्रत्येक घराचा माल व विक्री लिहील. तिसरी मागण्या नोंदवील. दोघी स्वयंपाकघरात, दोघी विक्रीला आणि एक जण मुलांकडे. घरातील पुरुष मंडळींनी टेम्पो भरणे, वाट उभारणे आणि शेवटी केर काढणे ही कामे घ्यावीत. आठवडाभर आधी गावच्या देवळात किंवा शाळेत एकदा सगळे मांडून पाहावे. कोणती वस्तू राहिली ते तेथेच कळते.

मेळावा झाल्यावर

खरे काम दुसऱ्या दिवशी सुरू होते. चिठ्ठीतल्या ज्यांनी होकार दिला आहे त्यांना आठ दिवसांत एकदा व्हॉट्सअ‍ॅपवर कळवावे, ‘म्हातारीची शिदोरी दर महिन्याच्या दुसऱ्या रविवारी सकाळी तुमच्या फाटकाशी येईल.’ रोज उठून संदेश पाठवू नयेत, माणसे कंटाळतात. आणि एकदा दिलेली तारीख चुकवू नये. पाऊस असो की लग्नसराई, टेम्पो त्या दिवशी फाटकाशी उभा राहिलाच पाहिजे. साठ कुटुंबांतील पंधरा जरी दरमहा शिदोरी घेऊ लागली तरी मेळावा यशस्वी झाला असे समजावे. त्या पंधरांच्या भरवशावर पुढच्या खरिपात कोणी किती इंद्रायणी लावायचा, हुलगे कोणी पेरायचे, हे बसून ठरविता येते. बाजारभाव पाहून पेरण्यापेक्षा मागणी पाहून पेरणे, ही मोठीच सोय आहे.

शेवटी एवढेच सांगतो. आपल्या पट्ट्यात एक-दोन एकर राखून असलेले घर पुढच्या पिढीतही शेती करील की तेही रान विकून मोकळे होईल, हे त्या एकरातून महिन्याकाठी किती रोख रक्कम घरात येते यावर ठरणार आहे. सूनबाईच्या हाती ती रक्कम खेळू लागली तर रान विकण्याचा विषय घरात सहज निघत नाही. तेव्हा येत्या सुगीपूर्वी शेजारपाजारच्या सात-आठ घरांनी एकत्र बसावे, परसात चांगला मोठा भोपळा वाढू द्यावा, आणि गावात गोष्ट रंगवून सांगणारी आजी कोण, याचा शोध घ्यावा. पहिला मेळावा लहानच करा, हिशेब वहीत लिहा आणि त्यावरून दुसरा ठरवा.